नेसरीच्या बाईचा आवाज

नव्वदच्या दशकात आमच्या कोल्हापूरच्या एका दिग्दर्शकांनी तीन चित्रपट काढले. निर्मातेही तेच. तिसऱ्याचे संवाद मी लिहिले. तेव्हा मी कॉलेजात मराठी शिकवत होते. नायिकेसाठी त्यांनी नेसरीची एक शेतकरीण निवडली. चाळिशीची, गावच्या नाटकात काम करणारी. तिच्या तोंडी माझे संवाद असे बसले की मलाच ते आधीपासून तिचे वाटू लागले.

मुंबईचे वितरक म्हणाले, "बाई दिसते छान, बोलते मात्र अडाण्यासारखी. आवाज बदला."

दिग्दर्शकांनी साफ नकार दिला. पुढं ते टायफॉइडनं अंथरुणाला खिळले आणि तेवढ्यात वितरकांनी परस्पर दुसऱ्याच बाईचा आवाज भरून टाकला. आम्हाला कुणी एका शब्दानं विचारलं नाही.

पहिल्या खेळाला ती नवं लुगडं नेसून आली, माझ्या शेजारी बसली. पडद्यावर तिनं तोंड उघडलं आणि आतून गुळगुळीत पुस्तकी मराठी आली. ती माझ्याकडं वळली. "बाई, ही कोण बोलतीया माझ्या तोंडातनं?"

तेवढ्यात दिग्दर्शक पुढं जाऊन पडद्यासमोर उभे राहिले.

"ओ पावणं, बसा की खाली!" लोक ओरडले.

"ह्यो आवाज हिचा न्हाय!" ते ओरडले. "तुमच्या बोलण्याची लाज वाटली त्यास्नी!"

थिएटरच्या मॅनेजरनं त्यांना दंडाला धरून बाहेर काढलं. स्वतःच्या चित्रपटातून!

ते गप्प बसले नाहीत. नेसरीच्या जत्रेत तंबूत चित्रपट लागला, तेव्हा त्यांनी आवाज बंद करायला लावला आणि तीन माईक मागवले. तिचे संवाद ती बोलली, सासूचे मी, सगळ्या पुरुषांचे ते. एका प्रसंगात ती ओळी विसरली आणि मनानंच बोलत सुटली. मी लिहिलेल्यापेक्षा ते कितीतरी खरं होतं. तंबूतल्या बायका पदरानं डोळे पुसत होत्या.

आठवड्याभरात वितरकांची नोटीस आली, प्रिंट परत गेली. त्यानंतर तिला आणि दिग्दर्शकांना, दोघांनाही कुणी काम दिलं नाही. मुंबईच्या ऑफिसांतून दिग्दर्शकांना एकच ऐकवलं जाई, तुमचा स्वभाव तापट.

दोन हजारनंतर कधीतरी कोल्हापुरात त्यांचा सत्कार ठेवला. पाहुण्यांनी त्या चित्रपटातल्या 'शुद्ध, संस्कारी भाषे'ची तोंड भरून स्तुती केली. दिग्दर्शकांनी संयोजकांना विचारलं, "नायिकेला बोलावलंय का?"

"पत्ता मिळाला नाही हो."

पत्ता मिळाला नाही! गडहिंग्लजपर्यंत एसटी, तिथून पुढं नेसरीची गाडी. शाळेतलं पोरही सांगेल.

त्यांनी खांद्यावरची शाल घडी करून खुर्चीवर ठेवली आणि ते पायऱ्या उतरून निघून गेले. माझ्या मागच्या रांगेतला गृहस्थ म्हणाला, "काय उद्धट माणूस आहे!" मी वळून त्याला काहीच बोलले नाही. पाहुण्यांचा, वितरकांचा राग आता बराच निवला आहे. स्वतःचा अजून येतो.