घुमटावरच्या बाईची ओटी

घाबरले की मी भांडते. लहानपणापासूनचा स्वभाव आहे, आता काय बदलणार! त्यामुळे गेल्या वर्षी सासूबाई टेक्ससमध्ये अर्विंगला आमच्याकडे आल्या, त्या दिवसापासून मी त्यांच्याशी भांडत होते. त्यांचा दोष काही नव्हता. मला सातवा महिना लागला होता आणि त्याआधी दोनदा, एकदा तिसऱ्यात आणि एकदा पाचव्यात, सगळं संपलं होतं. दोन्ही वेळा घरात आम्ही दोघंच. नवरा बिचारा ऑफिसचा कॉल म्यूट करून रडायचा आणि पुन्हा अनम्यूट करून बोलायचा. माझी आई मी कॉलेजात असतानाच गेली. म्हणून या वेळी सासूबाई हव्यातच, असा हट्ट धरून मीच त्यांना बोलावलं, आणि आल्यावर मीच त्यांच्या डोक्यावर मिरे वाटायला लागले.

सगळ्यात मोठं भांडण झालं ते ओटीवरून. सातव्यात ओटी भरायची, चार बायका बोलवायच्या, थोडंसं डोहाळजेवण करायचं, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. मी ताडकन म्हटलं, "नाही. मागच्या वेळी शेजारच्या काकूंनी हौसेनं चोरओटी भरली आणि आठ दिवसांत सगळं आटोपलं. मला काही भरायचं नाही, काही साजरं करायचं नाही. बाळ हातात येईपर्यंत या घरात कुणी त्याचं नावसुद्धा काढायचं नाही." सासूबाईंना मी आईच म्हणते. त्या "बरं, नाही भरत तुझी" म्हणून कोथिंबीर निवडायला बसल्या. एवढ्या सहज ऐकलं म्हणजे काहीतरी पाणी मुरतंय, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं.

पुढच्या महिन्यापासून लांबचा प्रवास नको, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं. म्हणून त्या शनिवारी नवऱ्यानं ऑस्टिनला जायचं काढलं. "आईनं इथे येऊन किराणा दुकान सोडून काय पाहिलंय, यार? निदान कॅपिटॉल तरी दाखवू." गाडीत तीन तास तो गाइडसारखा बोलत होता. राज्याचा सगळा कारभार तिथून चालतो, घुमट वॉशिंग्टनच्या घुमटापेक्षाही उंच आहे म्हणतात, आणि त्याच्या टोकावर देवी आहे. एका हातात तलवार, दुसऱ्या हातात उंच धरलेला तारा.

"देवी काय, पुतळा आहे," मी मागून म्हटलं.

"अगं, नावच गॉडेस आहे तिचं! बघ आई." मध्ये थांबलो तेव्हा त्यानं फोनवर जुन्या मूळ पुतळ्याचा जवळून काढलेला फोटो दाखवला. वर आहे ती त्याची नवी प्रत. फोटोतला चेहरा बघून मी दचकलेच. नाक जाड, डोळे खोबणीतून बाहेर आल्यासारखे, हनुवटी पुरुषाची. आई मात्र निवांत म्हणाल्या, "असाच करावा लागतो मुखवटा. लांबून दर्शन घेणाऱ्याला दिसायला नको का?"

कॅपिटॉल गुलाबी दगडाचं आहे. ऊन पडलं होतं आणि सगळी इमारत न्हाऊन आल्यासारखी दिसत होती. आईंनी मान मागे टाकून वर पाहिलं, हात जोडले. मला वर बघून गरगरायला लागलं आणि शिवाय बाथरूमला जायचं होतं, सातव्या महिन्यात दुसरं काय असतं. आई म्हणाल्या, "तुम्ही जाऊन या, मी बसते पायरीवर." आम्ही परत आलो तेव्हा त्या शहाण्या मुलीसारख्या बसलेल्या होत्या. तिघंही आत गेलो. दारात पिशव्या मशीनमधून गेल्या, सकाळी फुगलेली आईंची कापडी पिशवी आता अगदी सपाट होती. ते माझ्या लक्षात आलं, पण त्याचा अर्थ लागला नाही.

आत घुमटाच्या बरोबर खाली उभं राहिलं की वर, खूप वर, एक तारा दिसतो. नवरा सांगत होता की तो इथून बिस्किटाएवढा दिसतो, पण माणसापेक्षा मोठा आहे. तेवढ्यात दाराकडून पोलीस आले आणि बाहेर जाणाऱ्या लोकांना थांबवायला लागले. शेजारच्या बाईनं विचारलं तेव्हा कळलं, समोरच्या पायऱ्यांवर कुणीतरी गाठोडं ठेवून गेलंय.

मी आईंकडे पाहिलं. "आई, सकाळी पिशवीत काय होतं?"

"ओटी."

"आणि आता कुठाय?"

"वाहिली की. पायरीवर ठेवली. ती बसलीय एवढ्या उंचावर, मी काय शिडी लावणार होते?"

नवऱ्याचा चेहरा पांढराफटक पडला. "कुणी काही बोलू नका," तो दबक्या आवाजात म्हणाला. "ते चेक करतील, फेकून देतील, विषय संपला. आईचा व्हिजिटर व्हिसा आहे. उगाच पोलिसांत नाव गेलं आणि परत पाठवलं तर?"

परत पाठवलं तर. एवढे तीनच शब्द. अजून अडीच महिने होते. पुन्हा ते रिकामं घर, पुन्हा आम्ही दोघंच आणि तो म्यूट केलेला कॉल. झालं, माझा तोल सुटला. "कुणी सांगितलं होतं तुम्हाला? मी नको म्हटलं होतं ना? आता तुम्ही गेलात तर मी काय करू? मला कोण आहे इथे?" मी घुमटाच्या बरोबर खाली उभी होते. माझा आवाज वर जाऊन, गोल फिरून परत माझ्याच अंगावर आला. भिंतीवरच्या जुन्या गव्हर्नरांच्या तसबिरींसकट सगळे माझ्याकडे बघत होते.

आईंनी माझा दंड धरला. "तू तुझी भरू दिली नाहीस, म्हणून तिची भरली. कुणाची तरी भरायला हवी होती गं, मला राहवेना." मग काचेच्या दारातून बाहेर, गाठोड्याजवळ आणलेल्या पोलिसांच्या कुत्र्याकडे बघत म्हणाल्या, "चल, सांगून टाकू. त्या बिचाऱ्या कुत्र्याला उगाच हुंगायला लावलंय."

आणि निघाल्याच! नवरा "आई, आई" करत राहिला.

दारात एक उंच पोलीस बाई उभ्या होत्या, मोठी हॅट घातलेल्या. आई त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या, पण मीच आधी इंग्रजीत बोलून टाकलं. "ते गाठोडं माझं आहे." आई लगेच माझ्यापुढे आल्या. "नो नो. माय. शी नो." आणि माझ्या पोटाकडे बोट दाखवून पुन्हा, "शी नो!"

आत काय आहे, असं पोलीस बाईंनी विचारलं. आता ओटी इंग्रजीत सांगून बघा एकदा. नारळ म्हटलं. कच्चे तांदूळ म्हटलं. न शिवलेल्या ब्लाउजचं कापड म्हटलं. सुपारी, खारीक, आणि हळकुंडाला काय म्हणतात ते मला आठवेना, तर "वाळलेलं मूळ" म्हटलं. एकेका वस्तूबरोबर त्यांची भुवई वर चढत होती.

"हे कुणासाठी?"

मी वर बोट केलं. "तुमच्या छतावर जी बाई आहे तिच्यासाठी."

"का?"

हा प्रश्न आला आणि माझ्या तोंडून खरं ते निघून गेलं. मी म्हटलं, माझी दोन मुलं गेली. हे तिसरं आहे. मी इतकी घाबरलेय की घरात कुणाला आनंदसुद्धा करू देत नाही. म्हणून सासूबाईंनी हे माझ्याऐवजी तिला दिलं. नवरा शेजारी उभा राहून ऐकत होता. त्यालासुद्धा मी हे इतक्या सरळ कधी सांगितलं नव्हतं.

बाईंनी बाहेरच्या माणसाशी वॉकीटॉकीवर काहीतरी बोलून घेतलं. मग आईंची ओळख पटवायला काही आहे का विचारलं. पासपोर्ट घरी. नवऱ्यानं फोनवर पासपोर्टचा फोटो दाखवला. त्यांनी तो नीट पाहिला, फोन परत दिला. कुठेही काही लिहिलं नाही.

"या किती दिवस आहेत इथे?"

"बाळ होईपर्यंत," मी म्हटलं.

"गुड," त्या म्हणाल्या. "जाऊ देऊ नकोस यांना. आणि कुठल्याच इमारतीबाहेर पुन्हा असं काही सोडून जायचं नाही, हे समजावून सांग."

हुश्श! नवऱ्यानं माझा हात धरला. तो हसत होता की रडत होता, कळत नव्हतं, बहुतेक दोन्ही.

बाहेर कुत्रं बाजूला नेलं होतं. पोलीस बाईंनी ते गाठोडं स्वतः उचलून आणलं आणि आईंपुढे धरलं. आई दोन पावलं मागे सरकल्या.

"वाहिलेलं मी परत घेत नसते. तिनं परत दिलं तर तो प्रसाद. हिच्या ओटीत घाला म्हणावं. सांग त्यांना."

मी कपाळाला हात लावला. पण सांगितलं. दुसरं कोण सांगणार होतं? बाईंनी एकदा आईंकडे, एकदा माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "कशी धरतेस?"

मी ओढणी पसरली. त्यांनी हॅट काढून काखेत धरली, वाकल्या आणि दोन्ही हातांनी ते गाठोडं माझ्या ओढणीत ठेवलं. गाठ सैल झाली होती, थोडे तांदूळ पायरीवर सांडले.

"नीट धर," आई म्हणाल्या.

मी धरलं. हे मूल माझ्या हातात येणार, असं मला तेव्हा पहिल्यांदा वाटलं, आणि मी तिथेच पायरीवर बसून मोठमोठ्यानं रडले.

अडीच महिन्यांनी मुलगी झाली. पहिली आंघोळ आईंनीच घातली.