कोचमामांचं बावखल

"ठरलं समजा" हे माझ्या मामांचं आवडतं वाक्य होतं, आणि गोष्ट ठरायच्या बरीच आधी ते म्हणून टाकत. नायगावच्या संघाला विचारलेलंही नसायचं, तोवर आमच्या पोरांना सांगून मोकळे होत, "रविवारी नायगावशी सामना. ठरलं समजा." मग सायकल काढून नायगावला जात आणि तिथल्यांना राजी करूनच परतत. माझी शाळेतली नोकरीही अशीच ठरली. फादरांशी बोलायच्या आधी त्यांनी आईला सांगून टाकलं, आणि फादर हो म्हणेपर्यंत त्यांच्या दारातून हलले नाहीत. मामांचं बोलणं आधी खोटं असे आणि नंतर खरं होई. मधलं अंतर ते सायकलने कापत.

मामांचं नाव इनास, पण आमच्या वटार गावात सगळे त्यांना कोच म्हणत. मी भाची, म्हणून माझे ते कोचमामा. तरुणपणी मुंबईत एका कंपनीच्या संघातून खेळले होते. गुडघा गेला तशी नोकरीही सुटली आणि ते गावी वाडी बघायला आले. केळी आणि पानवेलींपेक्षा त्यांचं लक्ष पोरांच्या पायांकडे जास्त. घरी आमच्या बोलीत बोलत, पण फुटबॉलचा विषय निघाला की लगेच पुस्तकी मराठीवर येत. आई हसायची. म्हणायची, हा चेंडूशी प्रार्थनेच्या भाषेत बोलतो.

त्यांना एकच दुःख होतं. पोरं खेळायची ती कापणी झालेल्या भातशेतात, बांबूचे गोलपोस्ट उभे करून. पाऊस पडला, पेरणी झाली की खेळ बंद. "आमचा संघ खुरटतो तो दर आषाढात," असं मामा म्हणत. म्हणून सत्तरच्या दशकाच्या शेवटी, देशातल्या निवडक खेळाडूंसाठी एक राष्ट्रीय प्रशिक्षण केंद्र काढायचं घाटतंय आणि त्यासाठी मुंबईच्या आसपासही जागा बघताहेत, असं एका जुन्या सोबत्याकडून कळलं, तेव्हा मामांचा पाय घरात ठरेना. मुंबईच्या खेपा सुरू झाल्या. शेवटी जागा बघणारे दोन साहेब खरोखरच वटारला आले. आईने मांसाचं आंबट-तिखट इंद्याल आणि तळलेले गोल फुगे केले. साहेब पोटभर जेवले, शहाळी प्याले, शेतांच्या सलग पट्ट्यातून हिंडले. पट्ट्याच्या टोकाला बावखल होतं, तिथे थोडा वेळ थांबले आणि गेले.

बावखल म्हणजे आमच्याकडचं वाड्यांमधलं तळं. समुद्र हाकेच्या अंतरावर, तरी आमच्या विहिरींना गोडं पाणी असे ते या बावखलांमुळे. पावसाचं पाणी त्यात साठायचं, जमिनीत मुरायचं आणि खारं पाणी मागे रेटून धरायचं. हे बावखल आळीतल्या सगळ्या घरांचं सामाईक होतं.

पुढच्या रविवारी चर्चमधली मिस्सेची प्रार्थना संपल्यावर मामांनी देवळाबाहेर सांगितलं, की केंद्र वटारलाच होणार. देशभरातले खेळाडू इथे येतील, आपली पोरं त्यांच्याबरोबर बारमाही खेळतील. अडचण फक्त बावखलाची आहे, तेवढं बुजवून द्यायचं. मग कत्रीनबाय बोलली. लाल लुगड्यातली ही म्हातारी आळीत सर्वांत मोठी. बावखलाला लागून तिची पानवेल होती. पाण्याचा जीव घेऊन कसला खेळ मांडतोस, असं तिने विचारलं. मामा तिच्या ओट्यावर जाऊन बसले. तिचा नातू संतान संघातला सर्वांत चपळ खेळाडू. तो देशासाठी खेळेल असं मामा तिला रोज सांगत राहिले, आणि शेवटी तीही हो म्हणाली.

बावखल बुजवताना सगळी आळी उतरली होती. मुरुमाच्या गाड्या आल्या, बांध मोडले, पोरांनी घमेली वाहिली. मामा शर्ट काढून सर्वांत पुढे. माती टाकल्यावर मासे कडेला उसळून येत होते आणि लहान मुलं ते टोपलीत भरत होती. सपाट झालेल्या जागेवर उभं राहून मामांनी शिटी फुंकली. आम्ही टाळ्या वाजवल्या.

मग वाट बघणं सुरू झालं. मामा मुंबईला जात आणि येऊन सांगत, साहेब दौऱ्यावर आहेत. पुन्हा जात, येऊन सांगत, कागद वर गेलेत. हळूहळू ते सांगेनासे झाले आणि लोकही विचारेनासे झाले. उन्हाळा आला तसं विहिरीचं पाणी मचूळ लागू लागलं. आधी आम्हाला वाटलं, आपल्याच तोंडाला चव नाही. मग केळीच्या पानांच्या कडा करपल्या. कत्रीनबायची पानवेल तर मुळापासून गेली. मी विहिरीवर गेले की बायकांचं बोलणं थांबे. कोणी वाईट बोललं नाही, कळशी भरायला आधी मलाच जागा देत. ते जास्त लागे. मी भर उन्हात, विहिरीवर कोणी नसताना पाण्याला जाऊ लागले. आई पदर तोंडापर्यंत ओढून देवळात जाई आणि मागच्या बाकावर बसे.

एका रविवारी मिस्सा सुटल्यावर मामा देवळाच्या पायरीवर उभे राहिले. केंद्र दुसऱ्या राज्यात गेलं आहे, हे त्यांनी सांगितलं. एवढं लोकांनी ओळखलंच होतं. कुणीतरी समजुतीने म्हणालं, "जाऊ दे कोच. साहेबलोकांनी फसवलं, तू काय करणार?"

मामांना तिथे थांबता आलं असतं. लोकांनीच वाट करून दिली होती. पण ते म्हणाले, "साहेबांनी फसवलं नाही. ते 'पाहू' म्हणाले होते. बावखल बुजवा असंही ते म्हणाले नाहीत. टोकाला पाणी आहे, एवढंच म्हणाले. 'ठरलं' म्हणालो तो मी."

आईने माझा हात घट्ट धरला. मामांवर कुणी ओरडलं असतं, निदान एक शिवी दिली असती, तर बरं झालं असतं. लोक एकेक करून घरी गेले. मामा पायरीवर तसेच उभे, आणि आम्ही दोघी त्यांच्यापासून चार हातांवर उभ्या. त्यांना घरी कसं न्यायचं ते आम्हाला सुचत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते कुदळ आणि घमेलं घेऊन बुजवलेल्या बावखलावर गेले आणि खणायला लागले. मुरूम दबून दगडासारखा झाला होता. दुखऱ्या गुडघ्याने त्यांना धड वाकताही येत नव्हतं. मी शाळेत जाता-येता बघत होते. रस्त्यावरून माणसं जात होती, थांबत नव्हती. संघातली पोरंही फिरकली नाहीत. घरच्यांनी अडवलं असेल, किंवा काय बोलावं ते त्यांना कळत नसेल. मामा घरी येत, हाताला तेल लावत आणि भिंतीकडे तोंड करून निजत. आमच्याशी बोलणं जवळजवळ संपलं होतं.

असे कितीतरी दिवस गेले आणि एका दुपारी कत्रीनबाय पेजेचं भांडं घेऊन तिथे आली. मागे संतान, खांद्यावर फावडं टाकून. मी आईने दिलेलं जेवण घेऊन नुकतीच पोचले होते. मामांनी तिला बघून मान खाली घातली.

"इनास," ती म्हणाली, "बुजवताना आम्ही सगळे होतो. आता एकटाच काय खणतोस? एवढा मोठा झालास?"

मामा मुरुमावरच खाली बसले आणि तोंड झाकून रडले. कत्रीनबाय पेज निववत उभी राहिली. संध्याकाळपर्यंत आणखी चार घरची माणसं आली. पावसाआधी एक खड्डा झाला, पहिल्या बावखलाच्या निम्माही नसेल. पावसात तो भरला. विहिरीला पुन्हा गोडं पाणी यायला मात्र काही पावसाळे जावे लागले. कत्रीनबायने पानवेल दोनदा लावून पाहिली. ती धरली नाही.

मामांनी शिटी पुन्हा गळ्यात घातली नाही. पोरांना दुसऱ्याने शिकवलं. रस्त्यात कोणी "काय कोच" म्हटलं, की ते अंग चोरून कडेने निघून जात.

पुढे काही वर्षांनी संतानची निवड झाली, आणि नेमकं त्याच केंद्रात त्याला शिबिरासाठी बोलावलं. परत आल्यावर तो पेढे घेऊन आमच्याकडे आला. मामा मागच्या दाराने वाडीत निघाले होते, आईने त्यांना अडवलं. संतान उत्साहाने सांगत होता, कसं हिरवंगार मैदान आहे, राहायला खोल्या आहेत, पाऊस थांबला की तासाभरात खेळता येतं. मामा खाटेच्या कडेला बसून ऐकत होते. पेढा त्यांनी हातातच धरला होता.

"तिथं आधी काय होतं?" त्यांनी विचारलं.

"आधी म्हणजे?"

"मैदान व्हायच्या आधी. शेत होतं, तळं होतं, कुणाची वाडी होती?"

संतान गोंधळला. "माहीत नाही, कोच. कुणी सांगितलं नाही. मी विचारलंही नाही."

"पुढल्या वेळी विचार," मामा म्हणाले. मग पेढ्याचा एक तुकडा तोंडात टाकला आणि उरलेला माझ्या हातावर ठेवून ते उठून वाडीत गेले.