मरायचा स्कार्फ

युरो नवा नवा होता तेव्हाची गोष्ट. कोलोनला आमच्या खालच्या मजल्यावर एक इंग्रज आजी एकट्या राहायच्या. युद्धानंतरच्या इंग्रजी सिनेमांत त्यांनी बारीकसारीक कामं केली होती: नर्स, मोलकरीण आणि बहुतेक वेळा खून झालेली बाई. पुढे जर्मन नवऱ्यामागून इथे आल्या आणि सिनेमा सुटला. पडद्यावर नाव क्वचितच यायचं. पण प्रेत व्हावं तर आजींनीच!

पहिल्यांदा चहाला बोलावलं, तेव्हा त्यांनी गळ्याला निळा स्कार्फ बांधला आणि धाडकन गालिच्यावर मरून पडल्या. मी किंचाळले, तशा उठून खदखदा हसल्या.

"नायिकांना हे जमायचं नाही," म्हणाल्या. "पोटातला श्वास लपवता येतो, गळ्याची खळी मात्र चुगली करते. म्हणून हा स्कार्फ."

"अहो आजी, पुन्हा असं केलंत तर मीच मरेन!"

बाईसाहेबांना तेवढंच हवं होतं. मग अधूनमधून हा खेळ ठरलेलाच. मला सगळं ठाऊक असायचं, तरी दर वेळी छातीत धस्स व्हायचं.

त्यांची एक किल्ली माझ्याकडे असे. सकाळी त्यांच्या खिडकीचा रोलाडन, म्हणजे बाहेरचं शटर, वर गेला की आजी उठल्या असं समजायचं. एक दिवस मुलीला शाळेत सोडून आले तरी शटर खालीच. बेल वाजवली, उत्तर नाही. किल्लीने दार उघडलं.

आजी स्वयंपाकघरात फरशीवर पडलेल्या. "पुरे झालं हं आता!" मी ओरडले. मग त्यांच्या भाषेत, "कट!" कट ऐकल्याखेरीज प्रेताने उठायचं नसतं, हे त्यांनीच शिकवलेलं. उठल्या नाहीत. हात लावला, गार.

ॲम्ब्युलन्सला फोन लावला, पत्ता सांगितला. पलीकडच्या बाईने विचारलं, "श्वास चालू आहे का?"

आता काय सांगू, कपाळ! श्वास लपवण्यावर पोट भरलेली बाई ही. मला रडूच कोसळलं.

तेवढ्यात खुर्चीच्या पाठीवर निळा स्कार्फ दिसला. म्हणजे गळा उघडा होता. मी गुडघ्यांवर बसून खळीवर नजर लावली. काही नाही. काहीच नाही.

"आजी, चुका हो! एकदा तरी चुका!"

खळी हलली.

"आहे! श्वास आहे!" मी फोनमध्ये किंचाळले, चक्क मराठीत.