डोळे आखायचा ब्रश

माझे एक मूर्तिकार स्नेही आहेत; हमरापूरच्या कारखान्यात गणपतींच्या डोळ्यांची आखणी तेच करतात. त्यांच्या बारीक ब्रशला बायकोनंही हात लावलेला चालत नाही. बोलण्याआधी त्या ब्रशवर फुंकर मारायची त्यांची सवय आहे.

घराच्या खिडकीत त्यांचा लव्हबर्डचा पिंजरा आहे. पिंजरा म्हणजे तुरुंग, हे मी दर भेटीत त्यांना सुनावतो. ते "व्हय, व्हय" म्हणत पक्ष्यांना भिजवलेली बाजरी घालतात.

यंदा नेमकी श्रावणात पिल्लं बाहेर आली. पिल्लं असली की पक्ष्यांना उकडलेलं अंडं कुस्करून द्यावं लागतं. पण श्रावणात त्यांच्या घरात अंडं येत नाही. मी गेलो, तेव्हा ते अंगणात तीन विटांवर अंडं उकडत होते.

"बुडवलात ना श्रावण!" आतून बायको ओरडली.

"श्रावण माझा हाय गो, पिल्लांचा नाय."

सगळ्यात लहान पिल्लाला आई भरवतच नव्हती. त्याची मान लोंबत होती. त्यांनी बलक कोमट पाण्यात कालवला आणि खिशातून तोच ब्रश काढला.

"अवो, अंड्याला लागलेला ब्रश देवाला कसा चालंल?" बायको दारात आली.

"नाय चालायचा. नव्या ब्रशावर हात बसवीन." मग मला म्हणाले, "वाटी धर. तुरुंगाचं मागनं बोल."

फुंकर न मारता, श्वास रोखून त्यांनी ब्रशचं टोक चोचीला लावलं. पिल्लानं गिळलं, आणि पुन्हा आ केला.

पिंजऱ्याला माझा विरोध आजही कायम आहे. पण ती वाटी मी दोन्ही हातांनी धरली होती.