वापेथीने थैल्या रिकाम्या ठेवल्या

वसंतातल्या चेंडूच्या खेळात वापेथी मावशीला अडवायची कोणाची छाती नव्हती. आमच्याकडे त्या खेळात पुरुषांनी चेंडूला फक्त पाय लावायचा; बायकांना हातही चालतात. मावशी चेंडू पोटाशी धरून अशी सुटायची की भलेभले योद्धे चिखलात लोळायचे. तिचा नवरा पेलेवा कडेला उभा राहून ओरडायचा, "अरे, धरू नका तिला! मी एकदा लग्न करून धरली, खांदा अजून दुखतोय!" त्यावर सगळ्यांत मोठ्याने हसायची ती मावशीच.

हे आधी सांगते, कारण हल्लीची पोरं तिला फक्त रागीट म्हातारी म्हणून ओळखतात. राग तिच्या पदरात कोणी टाकला, ते त्यांना कोणी सांगत नाही.

मावशी आमच्या शॉनी जमातीच्या गावच्या बायकांची मुख्य होती. शेत बायकांचं, मका बायकांचा, आणि लढाईला निघालेल्या पुरुषांना थांबवायचा हक्क बायकांतल्या मुख्य बाईचा. ती युद्धनायकाच्या दारात जाऊन 'थांब' म्हणाली, की त्याने थांबायचं. हा आमचा रिवाज.

ओहायो नदी ओलांडून लांब तलवारींमुळे आम्ही ज्यांना लांबसुरेवाले म्हणायचो ते गोरे आमच्या शिकारीच्या रानात घुसले, झाडांच्या साली सोलून हद्दी पाडायला लागले. तेव्हा आमचा तरुण युद्धनायक किसाथा चाळीस माणसं घेऊन निघाला. मावशी त्याच्या दारात जाऊन बसली.

"किसाथा, तुझ्या वेळी तुझी आई दोन दिवस अडली होती. तिचा हात मी धरला होता. माझी बोटं सुजली."

"मावशी, हे तू दर वेळी सांगतेस."

"तू दर वेळी निघतोस म्हणून."

"ते आपल्या रानात घरं बांधतायत!"

"गोऱ्यांच्या किल्ल्यावर कागद झालाय. तुम्ही मारू नका, आम्ही मारणार नाही, असं ते बोललेत. शब्द आपल्याकडून मोडायला नको."

किसाथाने दात-ओठ खात कुऱ्हाड जमिनीत मारली. पण तो गेला नाही. त्या कागदाची एक प्रत पेलेवाकडे होती. हरणाच्या कातड्यात गुंडाळून तो ती जपायचा.

त्याच वर्षी पानगळीत पुरुष शिकारीला गेले होते आणि गावात बायका, म्हातारे नि लेकरं तेवढी होती. सकाळीच लांबसुरेवाल्यांचे घोडेस्वार आले. आम्ही पळायला लागलो, तर पेलेवा म्हणाला, "पळू नका गं पोरींनो. आपल्याकडे कागद आहे." तो कागद हातात धरून पुढे गेला. त्यांच्या अधिकाऱ्याने कागद घेतला, वाचला, परत दिला. मग मागे वळून काहीतरी बोलला. त्याची माणसं हसली आणि त्यांनी पेलेवाला गोळी घातली.

आम्ही दलदलीतल्या लव्हाळ्यांत गळ्याइतक्या पाण्यात उभ्या राहून पुढचं पाहिलं. घरं जाळली, ते मी समजू शकते. शत्रू घरं जाळतोच. पण त्यांनी उभ्या मक्यात घोडे घातले. साठवणीचे खड्डे उकरून दाणा जाळला. तीन दिवस हेच चाललं होतं. भोपळेसुद्धा एकेक करून फोडले. भोपळ्यांनी त्यांचं काय घोडं मारलं होतं?

त्या हिवाळ्यात आम्ही ओकची फळं उकडून खाल्ली, मग झाडांच्या साली खाल्ल्या. माझी धाकटी लेक त्याच थंडीत गेली. तिचं नाव मी घेत नाही.

बर्फ वितळल्यावर किसाथा आपणहून मावशीकडे आला. तिच्या पुढ्यात बसला आणि म्हणाला, "चाललोय. थांबवायचं असेल तर थांबव."

मावशी म्हणाली, "तुझ्या आईचं मी काय सांगते ते तुला पाठ आहे. जा."

आणि ती उठून उखळाशी गेली. भाजलेल्या मक्याचं पीठ आणि मॅपलची साखर, हीच आमच्या पुरुषांची वाटेतली शिदोरी. मुठीएवढ्या पिठावर माणूस दिवसभर चालतो. दुसऱ्या शॉनी गावांनी बर्फ वितळताच पाठवलेल्या मक्यातून मावशीने त्या दिवशी चाळीस थैल्या भरल्या. पुढची आठ वर्षं ती भरतच राहिली. तीनदा शेतं जळली, तीनदा आम्ही मागे सरकून नवी पेरली. एकदा आमच्या माणसांनी लांबसुरेवाल्यांना असं झोडपलं, की ते तोफा टाकून पळाले. त्या दिवशी मावशी हसली. नंतर मात्र आम्ही हरलो. किसाथा लढाईत पडला. आणि किल्ल्यावरून निरोप आला, की या आणि जमिनीच्या कागदावर खुणा करा.

जायला पुढे सरसावला तो माझा मामा, मावशीचा सख्खा धाकटा भाऊ लावेथिका. किल्ल्यावरच्यांनी दिलेला पितळी बटणांचा कोट तो उन्हाळ्यातही घालायचा. सभाघरात तो बोलायला उभा राहिला.

"दर वर्षी ब्लँकेटं मिळतील, भांडी मिळतील. लोकांच्या पोटात दोन घास जातील, अक्का."

"आणि द्यायचं काय?"

"नदीचा हा काठ."

"या काठावर पेरतं कोण?"

"बायका."

"मग तू काय विकतोयस? विकायचंच असेल तर ती बटणं वीक. ती तुझी आहेत."

सभाघर हसलं. मामाचं तोंड उतरलं. "तू सलोखा करणारी ना? मग आता सलोखा का नको?"

"पेलेवाच्या हातात सलोखाच होता," मावशी म्हणाली. मग ती बायकांकडे वळली. "जो खूण करायला जाईल, त्याच्यासाठी उखळात दाणा पडणार नाही."

एकही बाई उखळाजवळ गेली नाही. निघायच्या सकाळी, जायला तयार झालेल्या सात जणांच्या थैल्या दारांवर रिकाम्या लोंबत होत्या. सातांतले चार जण मान खाली घालून घरी बसले. मामा मात्र दोघांना घेऊन गेला, आणि वाटेत किल्ल्यावरचं खारवलेलं डुकराचं मांस खात गेला. त्या तिघांनी खुणा केल्या. लांबसुरेवाल्यांना तीन पुरल्या. सगळ्या गावाची जमीन त्यांनी तीन फुल्यांत उचलली!

आम्ही पश्चिमेला वाबाश नदीकडे सरकलो. दर पानगळीत ब्लँकेटं वाटली जायची. मावशीने एकदाही हात लावला नाही. मी घेतली, मला लेकरं होती. तिने मला बोल लावला नाही, पण माझ्या ब्लँकेटवर ती कधी टेकलीही नाही.

काही वर्षांनी मामा आमच्या दारात आला. खोकत होता, अंगात हाडं तेवढी उरली होती. कोट गेला होता. खूण केल्याबद्दल मिळालेल्या जमिनीच्या तुकड्यावरून एका गोऱ्या शेतकऱ्याने त्याला हाकलून दिलं होतं; कागद दाखवला तर तो हसला म्हणे. मावशीने उकडलेल्या मक्याचं भांडं त्याच्यापुढे ठेवलं.

"खा, पाहुण्या."

मामा रडायला लागला. "भाऊ म्हण गं एकदा."

"भुकेल्याला आम्ही वाढतो," ती म्हणाली. "निवतंय, खा."

तो आमच्याच घरात वारला. मावशीने स्वतः त्याला न्हाऊ घातलं, त्याच्या चेहऱ्याला रंग लावला, चांगले कातडी मोकासीन जोडे पायात घातले. मला वाटलं, आता तरी हिला रडू फुटेल. तिने मुसळ उचललं आणि रिकाम्या उखळात इतक्या जोराने हाणलं, की ते मधोमध तुटलं. "यालाही त्यांनीच नेलं," ती म्हणाली.

त्यानंतर ती सहा पेरण्या जगली. मरताना तिने सगळ्यांना माफ केलं, असं आमच्याकडे येणारा एक पाद्री सांगत फिरतो. मी तिच्या उशाशी होते, पाद्री नव्हता. तिने पेरणीचं विचारलं, पाणी मागितलं. माफ कोणालाही केलं नाही.