करवंदांचा पाय

घरात पाऊल टाकलं की ती आधी तोंड उघडायला लावायची. "आ करा." मग चिमटीतलं करवंद जिभेवर ठेवायची आणि कमरेवर हात ठेवून आपल्या तोंडाकडं बघत राहायची. आपला एक डोळा मिटला, मान हलली, की तिचं समाधान. "आंबट हाय? मग बरा हाय." गोड निघालं तर ती पाटीची पाटी नापास. गोड करवंदं पोरांना वाटून टाकायची. आंबट असतील तीच कामाची.

पोस्टमन, गॅसवाला, लाईटचं मीटर बघायला येणारा, तिनं कुणालाच सोडलं नाही. मीटरवाला तर मे महिन्यात आमच्या मजल्यावर यायलाच घाबरायचा.

आमच्या नेरूळच्या बिल्डिंगमध्ये सगळे तिला खाला म्हणायचे. खाला म्हणजे मावशी. तिचं दार आमच्या दारासमोर. साठीला आलेली, रुंद हाडाची, डोक्यावर फिकट ओढणी. गाव रायगडातलं, खाडीकाठचं. नवरा लवकर गेला, मूल नाही, एकटी भाड्यानं राहायची. तरुणपणी मस्कतला एका गोऱ्या मडमेच्या घरी स्वयंपाकाला होती. तिथून तिनं सोनंनाणं काही आणलं नाही. तिरप्या काठाची एक पत्र्याची ताटली आणली आणि तो पाय आणला.

पाय म्हणजे काय ते मलाही माहीत नव्हतं. मी फळबाजारात माथाडी. जन्म पाठीवर पेट्या वाहण्यात गेला. एका दुपारी कामावरून आलो तर बायको पदर खोचून निघालेली.

"कुठं निघालीस?"

"खालाकडं. पाय करायचाय."

"कुणाचा मोडला?"

"अवो, करवंदांचा!"

मला वाटलं, उन्हानं हिचं डोकं फिरलं. मागोमाग गेलो आणि बघितलं, म्हणून आज सांगू शकतो.

स्टेशनबाहेर डोंगरातल्या बायका करवंदं घेऊन बसायच्या, त्यांच्याकडून पाटीभर घ्यायची. दोघी जमिनीवर पाय पसरून बसायच्या आणि एकेक करवंद फोडून चमच्याच्या दांड्यानं बिया काढायच्या. बोटांना चीक चिकटायचा, मग खोबरेल तेल चोळत बसायचं. मैद्यात डालडा घालून खाला बोटांच्या टोकांनी चोळायची. तळहात लागू द्यायची नाही. मध्येच हात बर्फाच्या पाण्यात बुडवायची. माझ्या बायकोनं एकदा चपातीसारखी कणीक तिंबायला घेतली तर तिच्या हातावर चापट बसली. "वैनी, मारामारी नको करू त्याच्याशी."

एक पोळी लाटून ताटलीत, तिच्यात करवंदं आणि साखर, वर दुसरी पोळी, कडा चिमटून बंद. हाच तो मडमेकडचा इंग्रजी पाय. आता भाजायचा कसा? तिच्याकडं कुठला ओव्हन! आमच्याकडं तेव्हा जिकडं बघाल तिकडं बांधकामं चालू होती. वाळूच्या ढिगाला तोटा नव्हता. तिनं वाळू चाळून, धुऊन, वाळवून ठेवलेली. मोठ्या टोपात ती वाळू, टोप स्टोव्हवर, वाळूवर ताटली, वर झाकण. आणि झाकणावर तवाभर निखारे. ते निखारे खालच्या इस्त्रीवाल्याकडून. दुपारी त्याची इस्त्री थंड होण्याआधी तवा घेऊन माणूस उभं पाहिजे. बहुतेक वेळा ते माणूस मी.

तो वास मी सांगू शकत नाही. सगळा जिना भरून जायचा.

माझी बायको, आता ती नाही, तेव्हा नुकतीच आजारी पडलेली. पोटाचं दुखणं. औषधांनी तिच्या जिभेची चव गेली. भात दिला तर म्हणायची चिखल आहे, दूध दिलं तर म्हणायची चुना आहे. गळ्यात माळ, आयुष्यात कधी अंड्यालासुद्धा शिवली नाही, पण मुसलमानाच्या घरचं नको असं तिच्या तोंडून मी कधी ऐकलं नाही. खालानं समोर बसून तिला पायाचा पहिला घास भरवला. बायकोनं डोळे मिटले. मग हात पुढं केला, "आण हिकडं", आणि वाटी स्वतःच्या हातात घेतली. कितीतरी दिवसांनी ती मागून खात होती. मी उठून गॅलरीत गेलो. बाईमाणसांसमोर डोळे कशाला पुसायचे?

खाला मग सगळा उन्हाळा पाय करत राहिली. मडमेला नावं ठेवत करायची. "मडम डब्यातला फल घाली. मी म्हटला, बाय, ताजा मिलत नाय तर करतेस कशाला?" आणि स्वतः कधी खायची नाही. माझी बायको खात असली की तिच्या तोंडाकडं बघत बसायची.

वाटोळं झालं ते बायकोच्या आनंदानं. बरं वाटायला लागलं म्हणून ती एका संध्याकाळी खाली बायकांत जाऊन बसली. कुणीतरी विचारलं, तब्येत कशी? ही म्हणाली, "लई बरी. खालानं पाय केला हुता, दोन वाट्या खाल्ला."

तुम्ही बिल्डिंगमध्ये राहत असाल तर पुढचं मी सांगायला नको. पायचे पाये झाले. बकऱ्याचे. माळकरी बाईला मुसलमानीणीनं पाये खाऊ घातले. कुणी म्हणे फसवून, कुणी म्हणे औषध म्हणून. मुंबईत जाळपोळ होऊन एखादं वर्ष झालं असेल. आमच्या इकडं काही घडलं नव्हतं, पण माणसं जिन्यात आवाज खाली करून बोलायला शिकली होती.

गच्चीवर सोसायटीची मीटिंग भरली. विषय पाण्याच्या पंपाचा. पंप पाच मिनिटांत आटोपला आणि सेक्रेटरी म्हणाला, "काही सभासदांची वासाबद्दल तक्रार आहे."

मी उभा राहिलो. मला बोलता येत नाही, मी ओरडतो. "पाये नव्हते ते! पाय होता. करवंदांचा. गोड असतो."

"काका, पाय गोड कसा असेल?"

"मग खूर कुठं गेले?" मागून कुणीतरी म्हणालं.

सगळे हसले. बायका तोंडाला पदर लावून हसल्या. मी म्हणालो, चला, आत्ता दाखवतो, टोप बघा, वाळू बघा. सेक्रेटरीनं हात वर केला. "ते राहू द्या काका. आज फळ असेल, उद्या काय असेल? आपण जागेच्या मालकाशी बोलू." मालक डोंबिवलीला राहायचा. त्यानं टोप बघितला नाही, वाळू बघितली नाही. महिनाअखेर खोली खाली करा म्हणून सांगून गेला.

हल्ली त्याच बिल्डिंगमधल्या बायका क्लास लावून पाय शिकतात. सफरचंदाचा. घरोघरी काचेच्या झाकणाचे गोल ओव्हन आलेत. "आज आमच्याकडं पाय आहे" असं जिन्यात मोठ्यानं सांगतात. कुणी खूर विचारत नाही.

खालाचं सामान टेम्पोत चढत होतं तेव्हा बायको भिंत धरून दारापर्यंत आली. "खाला, माझ्या तोंडानं झालं हे."

"तोंड चालला ना तुजा? त्याच्यासाठीच केलेला." खालानं तिच्या गालावरून हात फिरवला. मग माझ्याकडं वळली. "भाऊ, तुमी मीटिंगीत उभं राह्यलात. ऐकला मी. फल हाय, गोड हाय, असा सांगितलात."

"मग? खरं तेच सांगितलं."

"आनि पाये असते तर? माजा घर, माजा टोप. तवा उभं राह्यला असतात?"

ती जिना उतरली. आजही कुणी विचारलं तर काय बोलेन, सांगता येत नाही.

पुढच्या उन्हाळ्यापर्यंत बायकोचं नुसतं हाड राहिलं. डॉक्टरनं मला बाजूला घेतलं, जे सांगायचं ते सांगितलं. बायको म्हणाली, "खालाचा पाय खावासा वाटतोय."

करवंदांची पाटी घेऊन मी तळोज्याला गेलो. तिथं कारखान्यात तिचा भाचा कामाला होता, त्याच्या खोलीत ती राहत होती. त्या भागात हवाच अशी की डोळे चुरचुरतात. ती म्हणाली, "हितं मला कशाचाच वास येत नाय, भाऊ." पण हातातलं काम टाकून बसली करवंदं फोडायला. पाय केला, स्टीलच्या डब्यात भरला, वर फडकं बांधलं.

मी म्हणालो, "तुम्ही पण चला. तिची शेवटची इच्छा समजा."

"त्या जिन्याला मी परत शिवायची नाय."

"तिच्यासाठी सुद्धा?"

"तिला आना हिकडं. मांडीवर घेऊन भरवीन."

तिला कसली आणतो? तिला कूस बदलता येत नव्हती. मी डबा घेऊन एकटा परत आलो.

बायकोनं माझ्या मागं दाराकडं बघितलं. "ती न्हाई आली?"

"डबा दिलाय. खा."

"ठिवा तिकडं. ती समोर बसल, तवा खाईन."

"अगं, एवढं लांबून आणलं! एक घास खा."

"मी काय भुकेनं खाती व्हय?" म्हणाली, आणि तोंड भिंतीकडं फिरवलं.

दोघींचा राग आला मला. एक तिकडं हट्ट धरून बसलेली, एक इकडं, आणि मधे मी म्हातारा, बसचे धक्के खाणारा. ठरवलं, उद्या परत जायचं, हात धरून ओढत आणायचं. सकाळी दूध घेऊन आलो तर बायको गेलेली होती.

भाच्याकडं निरोप धाडला. तिसऱ्या दिवशी खाला आली. जिना चढून आली. आमच्या खोलीत सतरंजीवर बिल्डिंगमधल्या बायका बसलेल्या, सेक्रेटरीची बायको धरून. कुणी सरकून जागा दिली नाही. खालानं मागितलीही नाही. सरळ स्वयंपाकघरात गेली. ओट्यावर डबा होता, फडकं बांधलेलं तसंच.

"उघडला नाय?"

"नाही. तुम्ही समोर पाहिजे म्हणाली."

खाला ओट्याला पाठ लावून खाली बसली. बराच वेळ नुसती फडक्याच्या गाठीवर बोटं फिरवत होती. मग गाठ सोडली. मे महिन्यातला डबा तो. झाकण काढताच आंबूस वास खोलीभर झाला.

"खाला, खराब झालाय तो."

"कलतंय मला."

आणि खायला लागली. हातानं, मोठे मोठे घास. काळाजांभळा रस मनगटावरून ओघळत होता, डोळ्यांतलं पाणी हनुवटीवर येत होतं, ती पुसत नव्हती. वासानं सेक्रेटरीची बायको दारापर्यंत आली.

"काय आहे हो ते?"

"पाये हायत," खाला म्हणाली. मान वर केली नाही.

बाई नाकाला पदर लावून दोन पावलं मागं सरली. खालानं सगळा डबा संपवला. शेवटच्या घासाला तिला उमासा आला, तरी गिळला. मग उठून डबा घासला, धुतला, ओढणीनं कोरडा केला.

शेजारणीचा डबा रिकामा परत पाठवायचा नाही, ही माझ्या बायकोची शिस्त. साखर घालील, नाहीतर चार शेंगदाणे. मी फळीवरच्या बरण्या उघडायला लागलो. कशात काय आहे ते मला कुठं माहीत? एकीत डाळ, एकीत रवा. साखर सापडली तेवढ्यात मागून सेक्रेटरीच्या बायकोचा आवाज आला, "काका, सुतक आहे. सुतकाच्या घरातलं काही द्यायचं नसतं."

मी त्या बाईला अशी शिवी दिली की पूर्ण सतरंजी गप्प झाली. मूठभर साखर घेऊन वळलो. खाला दारात पोचली होती. डबा काखेत घट्ट धरलेला.

"नको, भाऊ," म्हणाली.

डब्याचं झाकण नीट बसलेलं नव्हतं. तळमजल्यापर्यंत ते वाजत गेलेलं मी ऐकलं. हातातली साखर घामानं चिकट झाली होती. खाला मला पुन्हा दिसली नाही.