बोलत राय, पोरी

मोरीच्या पत्र्याच्या दारावर उलथन्याचा दांडा वाजायचा आणि लगेच अक्कांचा आवाज यायचा, "बोलत राय, पोरी."

आतल्या पोरीच्या डोळ्यांत साबण गेलेला असो की थंडीने तिचे दात वाजत असोत, तिने काहीतरी बोलत राहायचं. काय बोलायचं याची सक्ती नव्हती. गप्प बसायची मात्र परवानगी नव्हती. आवाज थांबला की उलथनं पुन्हा वाजायचं, आधीपेक्षा जोरात.

ही मोरी घरातली नव्हती, गाडीतली होती. अक्कांकडे एक जुनी मिनीबस होती. आतल्या सीटा काढून तिथे झोपायच्या फळ्या, स्वयंपाकाचा ओटा आणि मागच्या कोपऱ्यात एक माणूस जेमतेम मावेल एवढी पत्र्याची मोरी बसवलेली. पाणी तापवायला गॅसचा गीझर. मेहरूणला आमच्या गल्लीच्या तोंडाशी ही गाडी उभी असायची. तुमच्याही गल्लीत असं काहीतरी असेल, ज्याचं सगळ्यांना कुतूहल असतं आणि विचारायची कुणाची छाती होत नाही.

मला विचारावं लागलं, कारण आम्हाला गाडी हवी होती. सातबारावर बाईचं नाव लागलं पाहिजे, एवढी एक गोष्ट घेऊन आम्ही चार-पाच पोरी बाजाराच्या गावांतून पथनाट्य करत हिंडायचो. नाटकाला गर्दी व्हायची, पण मुक्कामाला जागा मागितली की गर्दी पांगायची. अक्कांनी आमचं पत्रक आपल्या घराच्या ओट्यावर बसून पूर्ण वाचलं आणि चष्मा खाली केला.

"गाडी देते. पन चालवीन मीच. अन् गीझरले हात लावायचा नाही कोनी."

साठीच्या पुढची बाई, पदर कमरेला खोचून स्टिअरिंगवर बसायची. नशिराबादजवळ एका पोलिसाने गाडी थांबवली आणि आत डोकावून विचारलं, "ड्रायव्हर कुठंय?" अक्का म्हणाल्या, "मंग तुझ्यासमोर बसला तो कोन हाये?" त्याने परवाना पाहिला, अक्कांकडे पाहिलं, पुन्हा परवाना पाहिला आणि आम्हाला जाऊ दिलं.

मुक्कामाच्या गावी पोचलो की पोटात कितीही कावळे ओरडत असले तरी आधी गाडी कशी उभी राहते ते ठरायचं. धूर बाहेर टाकणाऱ्या नळीचं तोंड भिंतीकडे नको, कुणाच्या झोपायच्या खोलीच्या खिडकीखाली नको, उलट्या वाऱ्यावर नको. अमळनेरला एकदा आम्ही सगळं सामान मांडून बसलो, आणि वारा फिरला म्हणून अक्कांनी सामान आवरायला लावून गाडी वळवून लावली. मग त्या नळीत काडी घालून बघायच्या. कुंभारमाशीला ती नळी फार आवडायची, दोन दिवस गाडी उभी राहिली की आत मातीचं घर बांधून मोकळी. सिलिंडर बाहेरच्या पेटीत, पट्ट्याने आवळलेला, आणि गाडी रस्त्यावर असेपर्यंत बंद. जोडांवर साबणाचा फेस लावून बुडबुडा येतो का ते बघायचं. पाण्याची धार आधी, जाळ नंतर. जाळ निळा दिसला तर आंघोळ, पिवळा दिसला तर आंघोळ रद्द. पिवळ्या जाळाच्या दिवशी आम्ही पारोशाच चौकात उभ्या राहून हक्कांवर बोलायचो.

खंडेनवमीला लोक कोयते, पाने-पकडी, ट्रॅक्टर पुजतात. अक्का त्या दिवशी गॅसची रबरी नळी काढून नवी घालायच्या, गीझर उघडून आत साचलेला खाऱ्या पाण्याचा थर साफ करायच्या आणि मग त्याला हळदकुंकू लावून झेंडूची फुलं वाहायच्या.

"अक्का, ही नळी तर चांगली आहे अजून," मी म्हटलं होतं.

"चांगली हाये तवरच बदलायची असते. खराब झाल्यावर काय बदलशील, नळी का मानूस?"

बोलत राहायच्या नियमाचा आम्हाला राग यायचा आणि मजाही वाटायची. आमच्यातली शैला आंघोळ करताना वांग्याच्या भरिताची कृती सांगायची. बाहेरून अक्का म्हणायच्या, "लसूण राह्यला तुझा." मी आमच्या मागण्या म्हणायची. घरात लहानपणापासून पत्रकांचे गठ्ठे पाहिलेले, त्यामुळे मागण्या मला झोपेतही पाठ. अक्का दाराशी स्टुलावर बसून ऐकायच्या. "ती दुसरी मागनी पुन्हा सांग. मले पटली नाही नीट." डोक्यावरून पाणी घेत घेत मी ती समजावून सांगायची. आमच्या कितीतरी सभांमध्ये इतकं लक्ष देऊन कुणी ऐकलेलं नाही.

अक्का स्वतः मात्र गाडीमागे पडदा लावून थंड पाण्याने आंघोळ करायच्या. पिंपळनेरच्या बाजूला थंडीने बोटं वळत नसायची, तरीही. "मले गरम सोसत नाही," असं म्हणायच्या. आम्ही हो म्हणायचो आणि आपापली गरम पाण्याची बादली भरून घ्यायचो. आमच्यापैकी एकीनेही कधी मान वर करून विचारलं नाही.

वंदना आमच्यात अमळनेरला आली. साक्रीकडच्या खेड्यातली पोर, चौकात उभी राहिली की आवाज बाजाराच्या दुसऱ्या टोकाला जायचा. पण पहिल्याच दिवशी ती मोरीतून आंघोळ न करता तशीच बाहेर आली.

"माले ते जमनार नही, अक्का. बाईमाणूसना न्हातांना आवाज बाहेर जावाले नको. मनी आई तर पानीना आवाजबी करू दे नही."

"चौकात माईकवर बोलते तवा नाही का जात आवाज बाहेर?"

"तठे लुगडं रहास आंगवर," वंदना म्हणाली.

सगळ्या हसल्या. अक्काही हसल्या, पण नियम हलला नाही. शेवटी वंदना आत काहीतरी पुटपुटायची आणि अक्का कान पत्र्याला लावून बसायच्या. थंड पाणी घेते म्हणाली तर अक्कांनी तिचा खोकला दाखवून ते बंद केलं. असं काही दिवस चाललं.

मग एका सकाळी तो प्रसंग घडला. मुक्कामाच्या गावी आठवडे बाजार होता. मी बाहेर फलक बांधत होते, शैला माईक तपासत होती, "हॅलो, हॅलो" करून. सामान काढायचं म्हणून गाडीचं मोठं दार सताड उघडं होतं आणि समोरच चहाची टपरी. वंदना मोरीत होती. माईकच्या आवाजात तिचं पुटपुटणं बुडालं. उलथनं वाजलं, पुन्हा वाजलं. वंदना नंतर म्हणाली की ती उत्तर देत होती, पण बाहेर माणसं बोलताना ऐकू येत होती म्हणून आवाज मोठा निघेना.

आम्हाला ऐकू आला तो पत्रा फाटल्याचा आवाज. अक्कांनी चाक खोलायच्या लोखंडी टॉमीने कडी उपटली होती आणि दार ओढलं होतं. आत वंदना बादलीमागे अंग चोरून बसलेली. टपरीवरच्या माणसांनी कप हातात धरून पाहिलं. पहिल्यांदा अक्काच भानावर आल्या. अंगावरची शाल काढून त्यांनी वंदनावर टाकली, मोठं दार ओढलं आणि खाली उतरून टपरीसमोर उभ्या राहिल्या.

"दार म्या तोडलं. तिची चूक नाही. आता चहा प्या, थंड होऊ र्‍हायला."

वंदनाने कपडे घातले आणि पिशवी भरायला घेतली. "मी घर जास," एवढंच म्हणाली. तिचा पेलाभर राग मी घागरभर करून बोलले. बाईच्या अंगावर बाईचीही सत्ता चालणार नाही, ही गाडी आहे की तुरुंग, आम्ही आजच्या आज दुसरी सोय बघतो, असं बरंच काही. अक्का पायरीवर बसल्या होत्या. टॉमी अजून हातात. एका शब्दानेही त्यांनी स्वतःची बाजू मांडली नाही, आणि भांडायला समोर कुणी नसलं की माणूस आणखी मोठ्याने बोलतं, तसं मी बोलत राहिले.

वंदना पिशवी घेऊन पायरीशी आली. जायला वाट हवी तर अक्कांना उठवावं लागणार होतं. ती थांबली. अक्का वळून मोरीच्या फाटलेल्या पत्र्याकडे बघत होत्या. वंदना खाली बसली.

"कोण गयं व्हतं, अक्का?"

मी इतक्या महिन्यांत जे विचारलं नव्हतं ते तिने विचारलं.

"मालक," अक्का म्हणाल्या.

अक्कांचे यजमान केळीच्या ट्रकवर ड्रायव्हर होते. सावद्याला माल भरायचा आणि दिल्ली गाठायची. जन्मभर ढाब्याच्या हौदावर थंड पाण्याने आंघोळ. म्हणायचे, एक दिवस माझ्या स्वतःच्या गाडीत गरम पाणी असेल. ट्रक सोडल्यावर ही मिनीबस घेतली आणि स्वतःच्या हाताने घर केलं. गीझर मोरीच्या आतच बसवला. मोरीला एवढीशी खिडकी होती, थंडी येते म्हणून तिला काच लावून टाकली. बंद जागेत गॅस जळत राहिला की हवा विषारी होते आणि त्या विषाला वास नसतो, हे दोघांनाही माहीत नव्हतं.

पहिलाच प्रवास अक्कांच्या माहेरी. भाचीचा साखरपुडा होता. गाडी मांडवाला लागून उभी केलेली, जावयाकडचे पाहुणे येऊन बसलेले.

"हे मोरीत गेले अन् लागले गायाले. ट्रकवाल्याचं गानं, अर्धं पंजाबी, अर्धं आपलं. आवाज असा का मांडवात ऐकू येई. पाव्हने एकमेकाकडे पाहू लागले. मले लाज वाटली. म्या जाऊन दार वाजवलं. म्हटलं, गप राहा जरा. लोकं ऐकू र्‍हायले." अक्कांनी टॉमी बाजूला ठेवली. "थोड्या वेळानं गप झाले."

शैलाने माईकचं बटण बंद केलं.

"मले इतकं बरं वाटलं, पोरी. म्हटलं, लग्न झाल्यापासून पयल्यांदा या मानसानं माझं ऐकलं. पाव्हन्यायले चहा दिला. मंग पुन्हा एकदा चहा फिरवला."

तो दुसरा चहा अक्कांच्या मानेवर बसलेला होता. गीझर त्यांनी नंतर मोरीतून काढून बाहेरच्या पेटीत नेला, धुराला बाहेर नळी काढली, दाराला खाली जाळी आणि भिंतीला वर जाळी पाडून घेतली. जाणत्या माणसाला दाखवून घेतलं. तो म्हणाला, आता काळजी नाही. पण काळजी गीझरची नव्हतीच. गप्प झालेल्या दारासमोर त्यांना पुन्हा उभं राहायचं नव्हतं.

"तुले उघडं पाडलं म्या," त्या वंदनाला म्हणाल्या. "त्याची माफी मागते. पन उद्या पुन्हा आवाज नाही आला तर म्या पुन्हा तोडीन. म्हनून तू जा. तू गेली म्हंजे दोघींचं बरं."

वंदनाने पिशवीचा बंद सोडला. मग तिने पिशवीतून आपला पितळी तांब्या काढला.

"मी तांब्या वाजाडसू. बादलीना काठवर. तुम्ही आयका."

दुसऱ्या दिवशी आम्ही सगळ्या मोरीबाहेर उभ्या होतो. माईक बंद, गाडीचं दार बंद, त्यावर अक्कांनी शिवलेला जाड पडदा. आत पाणी पडलं, आणि टण्ण. पुन्हा पाणी, पुन्हा टण्ण. मधेच आवाज थांबला. वंदनाचे केस लांब होते, साबण चोळायला वेळ लागत असणार. अक्कांचा उलथन्याचा हात वर गेला आणि तसाच हवेत राहिला. टण्ण. हात खाली आला.

त्या दौऱ्यानंतर गीझरला हात लावायची परवानगी एकट्या वंदनाला मिळाली. फेस, काडी, निळा जाळ, सगळं. आम्हाला मात्र आता अक्कांची थंड आंघोळ बघवत नव्हती. मी म्हणायची, "अक्का, आज तुम्ही गरम घ्या. मी दाराशी बसते, मीच बोलते हवं तर." शैलाने एकदा भांडून त्यांच्यासाठी बादली भरून ठेवली. अक्कांनी त्या पाण्यात आमची पांघरुणं भिजवली. "मले सोसत नाही, सांगितलं ना." ज्या सुखासाठी मालकांनी गाडी बांधली, ते त्यांनी एकदाही घेतलं नाही. आम्ही रोज घेत राहिलो. त्या गरम पाण्याची मला आता शरम वाटते, आणि आंघोळ मी तरीही गरमच करते.

गेल्या थंडीत अक्का गेल्या. दुपारी घराच्या ओट्यावर तांदूळ निवडत होत्या, तिथेच. त्यांची लेक पुण्याहून निघाली होती. गल्लीतल्या बायका जमल्या, शेवटच्या आंघोळीसाठी अंगणात तीन विटा मांडून कुणीतरी चूल पेटवायला घेतली. वंदना पुढे झाली.

"चूल नको. त्यासना गाडीनंच पानी."

"अगं, या पाण्याला चूलच लागते. गॅसचं चालत नाही," एक म्हाताऱ्या काकू म्हणाल्या.

"चालस," वंदना म्हणाली आणि गाडीकडे गेली.

तिने नळीत काडी घालून पाहिली. जोडांना फेस लावला, थांबून बघितलं. पाण्याची धार सोडली, मग जाळ. वाकून त्याचा रंग पाहिला. वाट बघत असलेल्या बायका कुरकुरत होत्या, पण तिने यातली एकही गोष्ट गाळली नाही. बादली वाफाळली तेव्हा आणून पडद्याआड ठेवली.

अक्कांना पाटावर घेतलं होतं. मी त्यांचं डोकं धरलं. वंदनाने आपला पितळी तांब्या बुडवला, पाणी हातावर घेऊन पाहिलं, आणि ओतण्याआधी बादलीच्या काठावर वाजवला. पडद्याबाहेरची कुजबुज थांबली. तिने पाणी घातलं. पुन्हा बुडवला, पुन्हा वाजवला. बाहेर पुरुषमंडळी उभी होती, रस्त्यावर रहदारी होती, सगळ्यांना ऐकू जात होतं. बादली रिकामी होईपर्यंत वंदनाने एकही तांब्या गुपचूप ओतला नाही.